प्रसारणाने माणसांची मतं बदलली, की "बाकीच्यांनाही हे ठाऊक आहे" ही जाणीव दिली?

ध्रुवमत्स्य (धागाकर्ता)

९ नोव्हेंबर १९८९, पूर्व बर्लिन. संध्याकाळी सहाला सुरू झालेली पत्रकार परिषद सरकारी टीव्हीवर थेट दाखवली जातेय आणि चांगलीच रटाळ आहे. सात वाजायला काही मिनिटं असताना पक्षाचे प्रवक्ते ग्युंटर शाबोव्स्की एक कागद वाचतात : देशाबाहेर जाण्याचे नियम सैल होणार. कुणीतरी विचारतं, कधीपासून? शाबोव्स्की कागद चाळतात आणि म्हणतात, माझ्या माहितीप्रमाणे ताबडतोब, विनाविलंब. खरं तर ही बातमी दुसऱ्या दिवशी पहाटे चारला बाहेर यायची होती. शिवाय जाणाऱ्याला रीतसर अर्ज करून परवाना घ्यावा लागणारच होता.

रात्री आठच्या बातम्यांत पश्चिम जर्मनीच्या एआरडी वाहिनीने मथळा दिला, पूर्व जर्मनी सीमा उघडतेय. पावणेअकराच्या सुमाराला त्याच वाहिनीवर हान्स योआखिम फ्रीडरिक्स यांनी सांगितलं की भिंतीचे दरवाजे सताड उघडे आहेत. ते नव्हते. थेट चित्र ज्या चौकीवरून येत होतं, तीसुद्धा बंदच होती. पण पूर्व बर्लिनमध्ये घरोघरी पश्चिमेचा टीव्ही लागायचा. लोक अंगावर कोट चढवून निघाले. बोर्नहोल्मर स्ट्रास या चौकीवर इतकी रेटारेटी झाली की साडेअकराच्या आसपास तिथल्या हाराल्ड येगर या अधिकाऱ्याने वरून हुकूम आलेला नसताना फाटक उघडलं. बातमी आधी झाली, घटना मागून घडली.

प्रसारणाचा जगावर काय परिणाम झाला यावर बोलताना आपण बहुतेक वेळा एकच प्रश्न विचारतो : रेडिओने, टीव्हीने लोकांच्या डोक्यात काय भरलं? मला वाटतं हा प्रश्नच दुय्यम आहे. त्या रात्री बर्लिनमधल्या कुणाचंही मत बदललं नव्हतं. पलीकडे जावंसं त्यांना कालही वाटत होतं. बदललं ते इतकंच की आपण निघालो तर एकटे नसू, हे प्रत्येकाला एकाच घटकेला कळलं.

दुसरं उदाहरण त्याच्याही ५६ वर्षं आधीचं. मार्च १९३३, अमेरिका. बँका बुडतील या धास्तीने लोकांनी पैसे काढून घरात ठेवले होते आणि सरकारने देशभरच्या बँका बंद केल्या होत्या. रविवारी १२ मार्चला रात्री रूझवेल्ट रेडिओवर आले. बँक तुमच्या पैशाचं काय करते हे त्यांनी अगदी साध्या भाषेत सांगितलं आणि पैसा गादीखाली ठेवण्यापेक्षा बँकेत जास्त सुरक्षित आहे अशी ग्वाही दिली. सोमवारी बँका उघडू लागल्या तेव्हा लोक रांगा लावून पैसे परत भरत होते. आता विचार करा, हेच भाषण प्रत्येक घरी पत्राने पाठवलं असतं तर? मला रूझवेल्ट पटले तरी शेजाऱ्याला पटले की नाही हे मला कळत नाही, आणि शेजारी पैसे काढणार असेल तर मीही काढलेलेच बरे. रेडिओमुळे प्रत्येकाला कळलं की शेजाऱ्यानेही हेच, आत्ताच ऐकलंय. बँकेवरचा विश्वास नेमका यावरच उभा असतो.

वृत्तपत्रं त्याआधीही होतीच. पण वाचता येणाऱ्यांसाठी, आणि ज्याने त्याने आपापल्या सवडीने वाचलेली. अमेरिकेत पिट्सबर्गच्या केडीकेए केंद्राने २ नोव्हेंबर १९२० रोजी अध्यक्षीय निवडणुकीचे निकाल हवेतून सांगितले तेव्हापासून "त्याच क्षणी सगळ्यांना" ही नवी गोष्ट सुरू झाली. बीबीसीने ५ फेब्रुवारी १९२४ पासून ग्रिनिच वेधशाळेचे सहा टोले ऐकवायला सुरुवात केली. रोजच्या जगण्यात याने केवढा फरक पडला बघा! तोपर्यंत घड्याळ लावायचं ते गावच्या मनोऱ्याकडे किंवा स्टेशनाकडे बघून. आता खाणीतला मजूर आणि संसदेतला मंत्री एकाच टोल्यावर घड्याळ लावू लागले.

तर माझं म्हणणं असं : प्रसारणाने मतं बदलली असतील तर ती थोडी आणि हळूहळू. त्याचं खरं बळ "सगळ्यांना ठाऊक आहे हे सगळ्यांना ठाऊक होणं" यात आहे. तुमच्या माहितीतली उदाहरणं लिहा, बाजूची आणि विरुद्धचीही. विरुद्धची जास्त हवीत.

अडगळ

धागा आवडला. तुमच्या बाजूने एक. पोर्तुगाल, एप्रिल १९७४. लष्करातल्या तरुण अधिकाऱ्यांना हुकूमशाही उलथवायची होती आणि देशभरच्या तुकड्या एकाच वेळी हलवायच्या होत्या. दूरध्वनीवर पाळत. मग त्यांनी रेडिओवरची गाणी वापरली. २४ तारखेला रात्री १० वाजून ५५ मिनिटांनी लिस्बनच्या एका केंद्रावर त्या वर्षीच्या युरोव्हिजन स्पर्धेतलं पोर्तुगालचं गाणं लागलं. अर्थ : तयार राहा. मध्यरात्रीनंतर २० मिनिटांनी दुसऱ्या केंद्रावर 'ग्रांदोला, व्हिला मोरेना' लागलं. अर्थ : निघा. पहिलं गाणं निवडण्यातच अक्कल होती. ते सगळीकडे वाजत होतं, त्यामुळे कुणालाच संशय येण्याचं कारण नव्हतं.

चकवा

ध्रुवमत्स्य, मांडणी सुबक आहे, पण रवांडाचं काय? १९९४ मध्ये आरटीएलएम नावाचं रेडिओ केंद्र तुत्सी जमातीच्या लोकांना झुरळं म्हणत होतं, कोण कुठे लपलंय ते सांगत होतं. सुमारे शंभर दिवसांत आठ लाखांच्या आसपास माणसं मारली गेली. "मतं फारशी बदलत नाहीत" हे तिथे कसं लावणार? नाझींनीही १९३३ साली सत्तेवर आल्याआल्या स्वस्तातला 'लोकांचा रेडिओ' काढला. त्याच्या व्हीई ३०१ या नावातच ३० जानेवारी, म्हणजे हिटलर सत्तेवर आल्याची तारीख होती. मतं बदलत नसतील तर हा सगळा खटाटोप कशासाठी?

लघुलहरी

माझा आक्षेप दुसऱ्या बाजूने आहे. तुम्ही "सगळे एकत्र ऐकतात" यावर सगळा भार टाकलाय, पण विसाव्या शतकातलं बरंचसं मोलाचं ऐकणं एकट्याने, दार लावून, आवाज बारीक करून झालंय. शॉर्टवेव्ह ऐकणाऱ्यांचा तो सगळा इतिहास आहे. रशियाने परकीय केंद्रांवर खरखर सोडायला प्रचंड यंत्रणा उभारली होती, तरी लोक सुई केसभर इकडे-तिकडे करत बसायचे. पट्ट्याच्या एका टोकाला खरखर जरा कमी असते, तिथे आवाज पातळ होतो पण शब्द लागतात. शॉर्टवेव्ह ऐकलेल्या कुणालाही ही युक्ती विचारा.

व्हॉइस ऑफ अमेरिकावर विलिस कोनोव्हर १९५५ पासून जॅझ लावत. खर्जातला, संथ आवाज, प्रत्येक शब्द सुटा. पूर्व युरोपात आणि रशियात वादकांच्या पिढ्या त्यांच्यावर पोसल्या. १९५९ मध्ये ते वॉर्साला उतरले तेव्हा विमानतळावर गर्दी लोटली होती. आणि त्यांच्या स्वतःच्या देशात त्यांना कुणी ओळखत नव्हतं, कारण सरकारी परदेश-प्रसारण देशात ऐकवायला कायद्याने मनाई होती. याच संस्थेने १९५९ पासून मोजके १५०० शब्द वापरून आणि मुद्दाम सावकाश वाचून बातम्या द्यायला सुरुवात केली. जगभरात कित्येक जण त्यावर इंग्रजी शिकले. यात कसली आलीये गर्दी आणि कसला आलाय एकच क्षण? एक माणूस, एक संच, आणि आपल्या आवडीची एक दुनिया. रेडिओने माणसाला त्याच्या आजूबाजूच्यांपासून वेगळं होण्याची मुभा दिली, हे मला जास्त मोठं वाटतं.

ध्रुवमत्स्य

चकवा, रवांडाचा प्रश्न येणार हे ठाऊक होतं आणि तो टाळून चालणार नाही.

आरटीएलएम जुलै १९९३ मध्ये सुरू झालं. त्याच्या चालकांना २००३ साली आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणाने दोषी ठरवलं. त्यांचा गुन्हा तसूभरही कमी लेखत नाही. पण परिणाम नेमका किती, आणि कोणत्या वाटेने, याचा फार कसोशीने अभ्यास झालाय. रवांडा डोंगराळ आहे. काही गावांत प्रक्षेपण पोचायचं, मधे डोंगर आला की शेजारच्या गावात नाही. डेव्हिड यानागिझावा-ड्रॉट यांनी या योगायोगाचा उपयोग करून दोन्ही प्रकारच्या गावांची तुलना केली. त्यांच्या हिशेबाने एकूण हिंसेतला सुमारे १० टक्के भाग रेडिओच्या खाती जातो. माणसांच्या जिवात मोजलं तर हे भयंकर आहे. पण "रेडिओने एक अख्खा समाज खुनी केला" हे चित्र मात्र त्यातून निघत नाही. स्कॉट स्ट्राउस यांनी तुरुंगातल्या गुन्हेगारांच्या मुलाखती घेतल्या, त्यांतही बहुतेकांनी सांगितलं ते गावातल्या पुढाऱ्यांचं आणि टोळीचं समोरासमोरचं दडपण. रेडिओ ऐकणाऱ्याला एवढं कळत होतं की सत्ता या बाजूला आहे, बाकीचे निघालेत, तुला कुणी अडवणार नाही.

आता दुसरा अर्धा भाग. त्याच देशात २००४ पासून 'मुसेकेवेया' ही श्रुतिकांची मालिका सुरू झाली. दोन काल्पनिक गावांमधलं वैर, आणि त्यातून बाहेर पडायची धडपड. एलिझाबेथ लेव्ही पलक यांनी काही समूहांना वर्षभर ही मालिका ऐकवली आणि काहींना आरोग्यावरची दुसरी मालिका. वर्षाच्या शेवटी ऐकणाऱ्यांची स्वतःची मतं जवळपास होती तिथेच होती. बदलली ती "आमच्याकडे लोक कसं वागतात, कसं वागायला हवं" याची समज. आणि वागणं! अभ्यास संपल्यावर प्रत्येक समूहाला कॅसेट प्लेयर भेट दिला. आरोग्याची मालिका ऐकलेल्यांनी तो गावच्या अधिकाऱ्याकडे द्यायचं चटकन ठरवलं. मुसेकेवेया ऐकलेले मात्र त्यावर वाद घालत बसले, आपला आपण सांभाळू म्हणाले. अधिकाऱ्याच्या शब्दापुढे मान तुकवणं काय करू शकतं हे त्या देशाने पाहिलं होतं, म्हणून मला हा कॅसेट प्लेयरवरचा वाद फार मोलाचा वाटतो.

लघुलहरी, एकट्याने ऐकण्याबद्दल. जानेवारी १९४१ मध्ये बीबीसीच्या बेल्जियन सेवेतून आवाहन झालं की विजयाची खूण म्हणून 'व्ही' हे अक्षर काढा. ऐकणारा प्रत्येक जण तुम्ही म्हणता तसा दार लावून ऐकत होता. पण सकाळी भिंतींवर, फाटकांवर ती खूण दिसायला लागली आणि प्रत्येकाला कळलं की इथे ऐकणारे आपण एकटे नाही. चोरून ऐकणाऱ्यालाही दुसऱ्या चोरून ऐकणाऱ्याची जाणीव असते. कोनोव्हरांच्या श्रोत्यांनाही ती असणार, नाहीतर विमानतळावर गर्दी जमली कशी?

लघुलहरी

ही खूण आवडली, मुद्दा अर्धा मान्य. उरलेला अर्धा सोडत नाही. :)

सांजवात

मी मालिकांबद्दल लिहिते, कारण अशा चर्चांत युद्धं आणि क्रांत्या असतात आणि रोज संध्याकाळी लागणारी गोष्ट कुणाच्या खिजगणतीत नसते.

१९६९ मध्ये पेरूमध्ये एक मालिका सुरू झाली. गावाहून शहरात आलेली मोलकरीण, रात्री शिवणकाम शिकते, साक्षर होते आणि पुढे नावाजलेली वेशभूषाकार बनते. लेखकांनी संदेश म्हणून काहीही घातलेलं नव्हतं. तरी शिलाई मशीनचा खप वाढला, शिवणवर्गांना मुली येऊ लागल्या, आणि नायिकेच्या लग्नाचं चित्रीकरण होतं त्या चर्चबाहेर हजारो लोक सजूनधजून हजर झाले. मेक्सिकोच्या मिगेल साबिदो यांनी हे बघितलं आणि ठरवलं की जे अपघाताने झालं ते विचारपूर्वक करू. १९७५ मध्ये त्यांनी प्रौढ साक्षरतेवर मालिका काढली, मग कुटुंबनियोजनावर. त्यांचा आराखडा साधा आहे : एक पात्र चांगल्या वाटेवरचं, एक वाईट, आणि तिसरं आपल्यासारखं, दोन्हींमध्ये हेलकावणारं. प्रेक्षक तिसऱ्याला धरून चालतो. पुढे आशिया आणि आफ्रिकेत हाच आराखडा वापरला गेला. आपल्याकडची १९८४ ची 'हम लोग' त्यातूनच आली.

पण सगळ्यात थक्क करणारं उदाहरण ब्राझीलचं, जिथे शिकवायचा कुणाचाही विचार नव्हता. तिथे १९६० मध्ये एका स्त्रीला सरासरी ६.३ मुलं होत, २००० मध्ये २.३. सरकारची कुटुंबनियोजनाची मोहीम नाही, चर्चचा विरोध. ला फेरारा, चाँग आणि दुर्येआ या तीन संशोधकांनी ग्लोबो वाहिनीचं प्रक्षेपण कोणत्या भागात कधी पोचलं ते पाहिलं. जिथे पोचलं तिथे जन्मदर जास्त उतरला, विशेषतः गरीब स्त्रियांमध्ये. त्या मालिकांमधल्या पन्नाशीच्या आतल्या प्रमुख स्त्री पात्रांपैकी ७२ टक्क्यांना मूलच नव्हतं आणि २१ टक्क्यांना एकच. कारण बिचाऱ्या लेखकांचं होतं : पात्रं वाढली की कथानक आवरत नाही. कुणी मुद्दा मांडला नाही, उपदेश केला नाही. छोटं कुटुंब आणि सुखाने राहणारी बाई रोज रात्री दिसत राहिली. मुलांची नावंही त्या वर्षीच्या पात्रांवरून ठेवली जात होती.

ध्रुवमत्स्य, याला तुम्ही मत बदलणं नाही तर काय म्हणणार? एकाच क्षणाचा यात काही संबंध दिसत नाही. इथे वीस वर्षं लागलीत.

आणि याची काळी बाजूही लिहायलाच हवी. फिजीच्या नाद्रोगा भागात टीव्ही १९९५ मध्ये आला. तिथे भरलेल्या अंगाची बाई देखणी मानत. ॲन बेकर यांनी शाळकरी मुलींची त्या वर्षी पाहणी केली आणि पुन्हा १९९८ मध्ये. खाण्याबाबत धोक्याची लक्षणं दाखवणाऱ्या मुली १२.७ टक्क्यांवरून २९.२ टक्क्यांवर गेल्या. वजन कमी करायला मुद्दाम उलटी काढणाऱ्या आधी एकही नव्हत्या, तीन वर्षांनी ११.३ टक्के. हे आकडे मी पहिल्यांदा वाचले तेव्हा फार अस्वस्थ झाले. अजूनही होते. मुलींना कुणी "बारीक व्हा" असं सांगितलं नव्हतं.

तिसरा पंच

खेळ राहिलाच की! टीव्हीने खेळ दाखवला असं आपण म्हणतो, पण त्याने खेळच बदलला. १९७० च्या फुटबॉल विश्वचषकातला काळ्या-पांढऱ्या तुकड्यांचा चेंडू कृष्णधवल पडद्यावर उठून दिसावा म्हणून तसा. टेनिसचा चेंडू १९७२ पासून पिवळा, तोही पडद्यासाठी. विम्बल्डनने मात्र १९८६ पर्यंत पांढराच ठेवला.

क्रिकेटचं तर विचारूच नका. १९७७ मध्ये केरी पॅकर यांच्या चॅनल नाइनला ऑस्ट्रेलियातल्या सामन्यांचे हक्क मिळाले नाहीत, म्हणून त्यांनी जगातले उत्तमोत्तम खेळाडूच करारबद्ध केले. दिव्यांखालचे सामने, पांढरा चेंडू, रंगीत कपडे हे सगळ्यांना ठाऊक आहे. मला सगळ्यात मोठी वाटते ती कॅमेऱ्याची गोष्ट. आधी मुख्य कॅमेरा मैदानाच्या एकाच टोकाला असायचा. दर एक षटक सोडून प्रेक्षकाला फलंदाजाची पाठ दिसायची, चेंडूने काय केलं ते कळायचंच नाही. पॅकर यांनी दोन्ही टोकांना कॅमेरे लावले. लेगस्पिन काय चीज आहे हे लाखो लोकांना तेव्हा पहिल्यांदा नीट दिसलं.

नीलमोहर

वाचतेय. ऑर्सन वेल्सच्या १९३८ च्या त्या मंगळवासीयांच्या हल्ल्याच्या रेडिओ-श्रुतिकेचा उल्लेख कसा नाही? अमेरिकेत लाखो लोक घरं सोडून पळाले होते म्हणतात. आणि १९६० चा केनेडी-निक्सन वाद, रेडिओवर ऐकणाऱ्यांना निक्सन जिंकले असं वाटलं, टीव्हीवर बघणाऱ्यांना केनेडी.

अँटेना

नीलमोहर, दोन्ही गोष्टी ऐकायला छान आहेत पण पाया कच्चा आहे. त्या रात्री झालेल्या फोनवरच्या पाहणीत जेमतेम २ टक्के लोक ती श्रुतिका ऐकत होते, बहुतेक जण दुसऱ्या केंद्रावरचा लोकप्रिय कार्यक्रम ऐकत होते. काही लोक घाबरले हे खरं, पण देशभर पळापळ झाली ही वृत्तपत्रांनी फुगवलेली गोष्ट. रेडिओ त्यांच्या जाहिराती पळवत होता, तो बेजबाबदार आहे हे दाखवण्याची संधी त्यांनी सोडली नाही. केनेडी-निक्सनचा दावाही एका छोट्या पाहणीवर उभा आहे. तिच्यातले रेडिओ ऐकणारे मुळातच निक्सनकडे झुकलेले होते का, हे कुणी तपासलं नव्हतं.

तसंच "चंद्रावरचं पाऊल सगळ्या जगाने पाहिलं" हे. अंदाज ६० कोटींच्या पुढचा आहे, म्हणजे तेव्हाच्या जगाचा साधारण सहावा हिस्सा. चीनमध्ये दाखवलंच नाही, रशियात थेट दाखवलं नाही, दक्षिण आफ्रिकेत तर टीव्हीच नव्हता. आणि जे दिसलं ते कसं दिसलं! चंद्रावरचा कॅमेरा सेकंदाला १० चित्रं पाठवत होता, घरच्या टीव्हीला ती चालणारी नव्हती. म्हणून ऑस्ट्रेलियात आणि अमेरिकेत चित्र आधी एका खास पडद्यावर घेतलं आणि त्या पडद्यासमोर साधा टीव्ही कॅमेरा लावला. जगाने पाहिलं ते पडद्याचं चित्र. तंत्रज्ञांसमोरचं मूळ चित्र त्याहून कितीतरी स्पष्ट होतं.

नीलमोहर

बाप रे. हे माहीत नव्हतं, आभार. मग दक्षिण आफ्रिकेत टीव्ही का नव्हता? पैसा तर होता.

अँटेना

सरकारलाच नको होता. वर्णद्वेषी राजवटीतले १९६८ पर्यंतचे मंत्री आल्बर्ट हेर्टझोग टीव्हीच्या कट्टर विरोधात होते. बाहेरचे कार्यक्रम आले की इंग्रजी बोकाळणार, गोरे-काळे एकत्र दिसणार ही भीती. देशभर टीव्ही सुरू झाला तो थेट ५ जानेवारी १९७६ रोजी.

अडगळ

भीती फक्त हुकूमशहांनाच वाटली असं नाही. आइसलँड घ्या. अमेरिकेच्या लष्करी तळावरचा टीव्ही राजधानीतल्या घरांत दिसू लागला, तेव्हा लेखक-प्राध्यापक मंडळी हादरली. दोन-अडीच लाखांची भाषा, ती टिकणार कशी? १९६६ मध्ये त्यांनी स्वतःची वाहिनी काढली, आणि गुरुवारी प्रक्षेपण बंद! १९८७ पर्यंत गुरुवार कोरा असायचा, आणि १९८३ पर्यंत जुलै महिनाभर सुट्टी.

वेल्समध्ये उलट झालं. तिथे भाषा वाचवायला टीव्हीच हवा होता. वेल्श वाहिनीचं दिलेलं वचन सरकारने फिरवलं तेव्हा ग्विनफर एव्हान्स या नेत्याने १९८० मध्ये आमरण उपोषणाची घोषणा केली. थॅचर सरकारने माघार घेतली आणि १ नोव्हेंबर १९८२ रोजी एसफोरसी ही वेल्श वाहिनी सुरू झाली. एका टीव्ही वाहिनीसाठी माणूस जीव द्यायला निघतो, म्हणजे तिचं काय मोल असेल! घरात बोलली जाणारी भाषा पडद्यावर दिसली नाही की मुलांना ती कमी दर्जाची वाटू लागते. इटलीत नेमका हाच दबाव वापरून राष्ट्रभाषा घडवली गेली. १९६० ते ६८ या काळात आल्बेर्तो मान्त्सी नावाचे शिक्षक टीव्हीवर फळा घेऊन प्रौढांना लिहा-वाचायला शिकवत, आणि सुमारे १५ लाख लोकांनी प्राथमिक शाळेचा दाखला मिळवला. चांगलंच झालं. पण त्याच काळात घराघरातल्या बोली मागे पडल्या, हेही तितकंच खरं.

चकवा

आणि जगाच्या पातळीवर हा प्रवाह एकाच दिशेने वाहत होता. बातम्या चार-पाच बड्या संस्थांच्या, मालिका अमेरिकेच्या. युनेस्कोने नेमलेल्या मॅकब्राइड आयोगाने १९८० मध्ये हे स्पष्ट मांडलं, तर अमेरिका १९८४ च्या अखेरीस युनेस्कोतूनच बाहेर पडली. तुल्यबळ देवाणघेवाण व्हावी ही मागणी काही सरकारांनी पत्रकारांच्या मुसक्या बांधायला वापरली हेही मान्य. पण मूळ तक्रार रास्त होती आणि तिची तड कधीच लागली नाही.

ध्रुवमत्स्य

सांजवात, तुमच्या प्रतिसादावर विचार करत होतो म्हणून उशीर झाला.

ब्राझील आणि फिजी दोन्हीकडे एक गोष्ट समान आहे, ती तुम्हीच लिहिलीत : कुणी काही सांगितलं नव्हतं. युक्तिवाद नाही, उपदेश नाही, तरी बदल झाला. म्हणजे मत पटवून बदललं असं म्हणता येणार नाही. काय रीतीचं आहे, चारचौघांत काय चालतं, याची मोजपट्टी बदलली. ब्राझीलमधल्या स्त्रीला कमी मुलं आधीही हवी असतील, पण सासर, शेजार, चर्च काय म्हणेल? आता त्या सगळ्यांनीच ती मालिका पाहिलीय. तिला समजवायची गरज उरली नाही. फिजीत हीच गोष्ट मुलींच्या जिवावर उठली, कारण वर्गातल्या सगळ्या जणी तेच बघत होत्या आणि एकमेकींकडे त्याच नजरेने बघू लागल्या. तेव्हा "एकच क्षण" हा शब्द मी जरा सैल करतो. क्षण हवाच असं नाही. पण "सगळ्यांनी" हे हवंच.

आणि पटवून मत बदलण्याची ताकद किती, यासाठी पूर्व जर्मनीकडेच परत जातो. ड्रेस्डेनच्या खोऱ्यात पश्चिमेचा टीव्ही दिसत नसे, बाकी बहुतेक देशात दिसे. टीव्ही बघणारे सरकारवर जास्त चिडलेले असतील अशी कुणाचीही अटकळ असेल. केर्न आणि हाइनम्युलर यांना जुन्या सर्वेक्षणांत नेमकं उलटं सापडलं : पश्चिमेचा टीव्ही बघणारे आपल्या राजवटीवर जास्त समाधानी होते. संध्याकाळ मजेत जात होती. देश सोडण्यासाठी अर्जही ड्रेस्डेनकडून जास्त यायचे. ज्या टीव्हीने वर्षानुवर्षं कुणाला बंडखोर केलं नाही, त्याच टीव्हीच्या एका वाक्याने एका रात्रीत शहर रस्त्यावर आलं. मला अजून यापेक्षा बोलकं उदाहरण सापडलेलं नाही.

सांजवात

"चारचौघांत काय चालतं" हे पटलं. तसं असेल तर जबाबदारीही कोणा एका लेखकावर टाकता येत नाही. पण वाहिनीवर येते. फिजीतल्या कार्यक्रमांची निवड कुणीतरी केली होती, आणि बाहेरून तयार माल आणणं स्वस्त पडतं म्हणूनच केली होती. चकवा म्हणतात तो प्रवाह इथे येऊन मिळतो.

नीलमोहर

मग आता काय? आता तर प्रत्येकाच्या हातातल्या पडद्यावर वेगळंच काही चालू असतं. "सगळ्यांनी पाहिलं" उरलंय कुठे?

लघुलहरी

माझा उरलेला अर्धा मुद्दा हाच होता, नीलमोहर. शॉर्टवेव्हवाल्यांना जे चोरून मिळायचं ते आता सगळ्यांना उघड मिळतं. मला यात तोटा कमी दिसतो. १९६७ च्या जूनमध्ये उपग्रहांवरून 'अवर वर्ल्ड' हा जगभरचा पहिला थेट कार्यक्रम झाला तेव्हा नियम होता की एकही राजकारणी दिसणार नाही. तरी अरब-इस्रायल युद्धावरून पूर्व युरोपातल्या पाच देशांनी ऐन वेळी अंग काढून घेतलं. "सगळं जग एकत्र" हे तेव्हाही फार थोड्यांच्या हातात होतं.

तिसरा पंच

विश्वचषकाचा अंतिम सामना कुणी दुसऱ्या दिवशी बघतं का? थेट सामन्यांच्या हक्कांचे भाव चढतच चाललेत ते उगाच नाही.

ध्रुवमत्स्य

नीलमोहर, माझी काळजी वेगळी आहे. हातातल्या पडद्यावरही कोट्यवधी लोक एकच चित्रफीत बघतात, पण आपल्याबरोबर नक्की कोण बघतंय हे कळत नाही. शेजाऱ्याने पाहिली? विरोधी विचारांच्या माणसाने पाहिली? १९३३ च्या त्या सोमवारी रांगेतल्या प्रत्येकाला पुढच्या माणसाने काय ऐकलंय ते ठाऊक होतं. आज बँकेची अफवा मिनिटात पसरते आणि खुलासा कुणापर्यंत पोचला याची कुणालाच खात्री नसते. तिसरा पंच यांचं बरोबर आहे, सामने उरलेत. पूर-वादळाच्या सूचना देणारा रेडिओही उरलाय. वीज गेली, मनोरे पडले तरी बॅटरीवरच्या संचावर एकच आवाज सगळ्यांना ऐकू येतो. कित्येक देश मध्यम लहरींची केंद्रं खर्चाचं कारण सांगून बंद करताहेत. त्यावर इथल्या जाणकारांनी, विशेषतः अँटेना यांनी, स्वतंत्र धागा काढावा असं मला मनापासून वाटतं.

अँटेना

काढतो. मध्यम लहरी रात्री शेकडो किलोमीटर का जातात आणि एफएम का जात नाही, तिथून सुरुवात करावी लागेल. आठवडाभर द्या.